वसंतरावांवरून आपल्या घरात चालणारं भांडण

तीर्थरूप आई-बाबांना,
शिरसाष्टांग नमस्कार.

फोनवर तुम्ही दोघं एकदम बोलता आणि मला धड कुणाचंच ऐकू येत नाही, म्हणून हे पत्र. परवा बाबा म्हणाले, "अरे, वसंतराव देशपांड्यांनीसुद्धा नोकरी केलीच ना?" लगेच मागून आईचा आवाज, "केली, आणि सोडलीसुद्धा!" वाद माझ्या नोकरीचा आणि नाटकाचा, आणि एकाच साक्षीदाराला, गवई-नट वसंतरावांना, दोन्ही पक्षांनी बोलावलं. त्यात तो पडला मूर्तिजापूरचा. त्यामुळे अकोल्यात बसून त्याच्यावर हक्क सांगायला तुम्हा दोघांनाही कुणाची परवानगी लागत नाही.

आधी बातमी सांगतो, म्हणजे बाबा पुढचं शांतपणे वाचतील. नोकरी सोडत नाही. बढती मात्र घेतली नाही, कारण बढतीबरोबर बदली होती आणि बदलीच्या गावी ना तालीम ना नाटक. शाखेत मला कुणी वेड्यात काढलं नाही. एक-दोघांनी हळूच विचारलं, "घरी सांगितलंस का?" तर आता सांगतोय.

बाबा, तुमचा मुद्दा खोटा नाही. वसंतराव पुण्यात लष्कराच्या हिशेब खात्यात होते, तेही थोडेथोडके नाही, वीसेक वर्षं. दिवसा फायली, रात्री मैफिली, सकाळी पुन्हा फायली. पण तुम्ही हे असं सांगता की जणू त्या फायलींनीच त्यांचं गाणं वाढवलं. फायलींनी घर चालवलं, एवढंच. गाण्याच्या ऐन उमेदीत बदली होऊन त्यांना ईशान्येच्या टोकाला जावं लागलं. तिथे कुठला तबलजी आणि कुठले ऐकणारे? 1965च्या आसपास त्यांनी नोकरी सोडली आणि 1983च्या जुलैत ते गेले, अवघ्या 63व्या वर्षी. म्हणजे पूर्णवेळ कलावंत म्हणून त्यांना मिळालं जेमतेम दीड तप. हा हिशेब तुम्ही कधी मांडत नाही, आणि तुमचा तर जन्म हिशेबात गेला.

आता आईचा मुद्दा. "सोडली म्हणून फुलले." आई, तू गोष्ट राजीनाम्यापासून सुरू करतेस. नागपुरात त्यांच्या आईनं एकटीनं त्यांना वाढवलं, तिथून सुरू कर. शंकरराव सप्र्यांकडे गाण्याचा पाया घातला गेला. भालजी पेंढारकरांनी पोरवयातच त्यांना 'कालिया मर्दन' या चित्रपटात कृष्ण केलं, तो 1935 साली आला. पुढे मामांकडे लाहोरला गेले तर तिथे असद अली खाँसाहेबांकडे शिकले. पुण्या-मुंबईत सुरेशबाबू माने, अमान अली खाँ, वझेबुवा. ज्याच्याकडे जे चांगलं दिसलं ते घेतलं. मनात कायम होते गायक-नट मास्टर दीनानाथ मंगेशकर. तबल्यावरही हात होता. म्हणजे हिशेब खात्यातला कारकून कागदावरच. आत सगळी भट्टी पेटलेलीच होती. राजीनाम्याच्या दिवशी ती पेटली नाही, त्या दिवशी फक्त दार उघडलं.

पण मला खरं बोलायचंय ते पुढचं, आणि ते तुम्हा दोघांच्याही भांडणात कधी येत नाही.

इतकी वर्षं इतक्या जणांकडे शिकल्याचा परिणाम असा झाला, की हा माणूस कोणत्या घराण्याचा हे कुणाला सांगता येईना. आज आपल्याला यात काय विशेष असं वाटतं. त्या काळी गवयाला पहिला प्रश्न तोच असे. गंडा कुणाचा बांधला, गुरू कोण, ही तान कुठून आली? वसंतरावांचं उत्तर प्रसिद्धच आहे, आमचं घराणं आमच्यापासून सुरू होतं. वाचताना ऐट वाटते, पण मला त्यात थोडी चीडही ऐकू येते. हा गवई लहरी आहे, गाण्यात नाटकीपणा आहे, एका शिस्तीत गात नाही, असं म्हणणारे जाणकार कमी नव्हते. नाटकातल्या लोकांना तो गवई वाटायचा आणि गवयांना नाटकातला.

आणि अशा माणसाच्या वाट्याला भूमिका कोणती आली, तर खाँसाहेब आफताब हुसेन बरेलीवाले! 'कट्यार काळजात घुसली' 24 डिसेंबर 1967ला रंगभूमीवर आलं. लेखन पुरुषोत्तम दारव्हेकरांचं (तेही नागपूरकर, बाबांच्या माहितीसाठी), संगीत जितेंद्र अभिषेकींचं, निर्मिती पणशीकरांच्या 'नाट्यसंपदे'ची. वसंतराव तेव्हा 47 वर्षांचे. खाँसाहेब म्हणजे घराण्यापायी आंधळा झालेला गवई. आपली विद्या दुसऱ्या घराण्याच्या पोराच्या कानावरसुद्धा पडू नये म्हणून जिवावर उठणारा. राजगायकाला मानाची कट्यार मिळते आणि तिनं केलेला एक खून माफ असतो, एवढ्यावर तो अख्खा डोलारा उभा आहे. तो पोर म्हणजे सदाशिव. तो त्याच्याच घरात नोकर होऊन राहतो आणि चोरून शिकतो.

जरा विचार करा. चार दारांतून विद्या गोळा केलेला गवई, 'माझं दार सोडून कुठे जाऊ नकोस' म्हणणाऱ्या माणसाचं काम करतोय. आयुष्यभर ज्या अडमुठेपणाचा त्रास झाला, तोच अंगात भिनवून रोज रात्री उभा राहतोय. त्याची टिंगल करणं किती सोपं होतं! खाँसाहेबाला खलनायक करून टाकला असता तर टाळ्या काही कमी पडल्या नसत्या. पण जुनी ध्वनिमुद्रणं ऐकताना जाणवतं, की त्या गाण्यात तिरस्कार नाहीच. तान इतकी जीव तोडून येते की ऐकणाऱ्याला वाटावं, एवढी विद्या असलेला माणूस ती जपायला वेडा होणारच. त्याचं चूक आहे हे कळूनही आपण त्याच्या बाजूनं उभे राहतो. हे नुसत्या गवयाला जमणार नाही आणि नुसत्या नटाला तर नाहीच नाही.

हे मला इतकं का भिडतं, ते संगीत नाटकांत पेटीवर बसल्यामुळे. तुम्ही नाटक समोरून बघता, मी ऑर्गनवरून, खालून आणि बाजूनं. तिथून एक गोष्ट दर प्रयोगाला दिसते. चांगला शिकलेला गायक नट वाक्य बोलतो, त्यात राग आहे, दुःख आहे, सगळं आहे. मग मी सूर देतो. आणि त्या क्षणी चेहरा रिकामा होतो. मान किंचित वर जाते, एक हात कानाजवळ, डोळे मिटतात. नट रजेवर गेला, गवई कामावर आला. पद संपलं की नट परत हजर, पण मधल्या सहा मिनिटांत त्या पात्राचं काय झालं ते कुणालाच माहीत नाही.

वन्स मोअर आला तर आणखी पंचाईत. बाप मेल्याचं पद गाऊन झालं, टाळ्या पडल्या, नटानं वाकून नमस्कार केला, बाप पुन्हा मेला! लोकांना ते चालतं, ती आपल्या रंगभूमीची जुनी सवयच आहे, आणि मी स्वतः टाळ्यांचा लोभी असल्यामुळे फार बोलत नाही.

यावर आमच्या तालमीत सध्या जे चाललंय ते गंमतीचं आहे. संवादाचं शेवटचं अक्षर असं टेकवायचं की ते आपोआप षड्जावर, गाण्याच्या 'सा'वर येईल, म्हणजे बोलणं कुठे संपलं आणि गाणं कुठे सुरू झालं ते कळायला नको. ऐकायला सोपं आहे. पण संवादाची फेक शेवटच्या रांगेपर्यंत जायला हवी तर आवाज चढतो, आणि चढलेल्या आवाजातून काळी एकच्या, म्हणजे पेटीच्या पहिल्या काळ्या पट्टीच्या षड्जावर अलगद उतरायचं म्हणजे श्वास आधीच कुठेतरी चोरून ठेवावा लागतो. मी तो "जा" या शब्दाआधी चोरतो. वाक्य आहे, "तुला जायचं तर जा." 'तर'नंतर अर्धा क्षण थांबलो की प्रेक्षकाला वाटतं, याला बोलवत नाहीये. खरं म्हणजे मी दम भरतोय! दिग्दर्शकबाई म्हणाल्या, "हे छान आहे, हे ठेवा." मी काही खुलासा केला नाही.

हो, म्हणजे मला भूमिका मिळाली आहे. नवं संगीत नाटक आहे, भूमिका लहान, पदं दोन. तिथेही आधी तेच ऐकावं लागलं जे घरी ऐकतो: पेटी किंवा भूमिका, एक धर. मी म्हटलं, दोन्ही का नाही? आमच्याकडे गाणारा नट ही काय नवी गोष्ट आहे? 1880 साली पुण्यात अण्णासाहेब किर्लोस्करांचं 'शाकुंतल' झालं तेव्हापासून तेच तर चालू आहे. दीनानाथ, केशवराव भोसले, बालगंधर्व यांना कुणी विचारलं का, की तुम्ही नक्की कोण? 1921मध्ये टिळक स्वराज्य फंडासाठी गंधर्व आणि केशवराव 'मानापमाना'त एकत्र उभे राहिले, तेव्हा लोक गाण्याला गेले होते की नाटकाला, हे त्यांनाही सांगता आलं नसतं. बाईंनी माझं भाषण ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "तुझं नाव अजून केशवराव नाही." खरं आहे. तरी शेवटी तोड निघाली. माझ्या प्रवेशांत दुसरा मुलगा ऑर्गन सांभाळतो, आणि एका प्रवेशात पात्रच पेटी वाजवत बसलेलं असतं. तिथे मी रंगमंचावर, पेटी माझ्यासमोर, आणि संवाद वाजवता वाजवता.

आई, तू 2015चा 'कट्यार' चित्रपट तीनदा पाहिलास. आठव, खाँसाहेब सचिन पिळगावकर आणि गळा राहुल देशपांड्यांचा. सदाशिव सुबोध भावे, गळा महेश काळ्यांचा. उत्तम जमलं, तक्रार नाही. पडद्यावर ते शिवता येतं. रंगमंचावर चेहरा एकाचा आणि गळा दुसऱ्याचा अशी सोय नाही. तिथे तान घेताना कपाळावरची शीर फुगलेली दिसते आणि ती शीर कुणाची, खाँसाहेबाची की वसंतरावांची, हे वेगळं काढता येत नाही. वसंतरावांच्या नातवानं, याच राहुलनं, चित्रपटाआधीच रंगमंचावर आजोबांचेच खाँसाहेब केले आणि 2022मध्ये 'मी वसंतराव'मध्ये खुद्द आजोबाच उभे केले, तेव्हा अभिनयही स्वतःचा आणि गळाही स्वतःचा. मला ते जास्त योग्य वाटलं.

आणि बाबा, तुम्हाला वसंतराव आठवतात ते बहुतेक 'अष्टविनायक'मधले, 1979चे. मुलीला सासरी पाठवणारा बाप. ताईच्या लग्नात तुम्ही ते गाणं लावू दिलं नव्हतंत, आठवतं? "नको, ते बंद करा," म्हणालात आणि मांडवाच्या मागे निघून गेलात. 'कट्यार'मध्ये वीज पाडणारा तोच गळा इथे एकही करामत दाखवायला जात नाही. नुसता बाप म्हणून गातो. एवढी तयारी असताना ती वापरायची नाही, हा नटाचा निर्णय आहे. तुम्हाला मांडवामागे जायला लावणारा माणूस गवई होता की नट, हे आता तुम्हीच ठरवा आणि मग मला सांगा, मी काय धरू.

पैशाचं म्हणाल तर पगार तोच राहील, बढतीचा वाढला असता तेवढा नाही वाढणार. घराचे हप्ते व्यवस्थित जाताहेत. नाटकातून मिळतं त्यात येण्याजाण्याचा खर्च निघतो, कधी निघत नाही. रजा दौऱ्यांसाठी जपून ठेवतोय, त्यामुळे दिवाळीला चार दिवसच येईन, आधीच सांगून ठेवतो. पाच वर्षांनी काय, या बाबांच्या नेहमीच्या प्रश्नाला माझ्याकडे उत्तर नाही.

प्रयोगाला या, पण पहिल्याला नको. पहिल्याला आम्ही सगळे घाबरलेले असू. पाच-सहा प्रयोग झाले की तिकिटं पाठवतो. बाबांचं कानातलं यंत्र स्पीकरजवळ शिट्टी मारतं, म्हणून मधल्या रांगेतल्या कडेच्या खुर्च्या घेईन, आईला गुडघ्यामुळे उठबस करायलाही कड बरी. यंत्राच्या बॅटऱ्या बदलून घ्या, ताईला सांगितलंय, ती शनिवारी येऊन जाईल. आणि बाबा, माझ्या प्रवेशात शेजारच्याला कोपरानं ढोसून "आमचा मुलगा" म्हणू नका. म्हणायचंच असेल तर पद संपल्यावर म्हणा.

तुमचा,
धाकटा