त्या खोकल्याबद्दल

चि. मुक्तास,
अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर माझा आवाज चढला, चुकलंच माझं. रेडिओवर बातम्या वाचताना तुला खोकला आला, तू तो दाबलास आणि पुढचं वाक्य न अडखळता वाचलंस. आधी शाबासकी द्यायला हवी होती. मी मात्र ‘डॉक्टरकडे गेलीस का’ हेच चार वेळा विचारलं.

‘पूर्वीच्या लोकांना खोकला येतच नव्हता का?’ असं तू चिडून म्हणालीस. यायचा गं. पण २३ जुलै १९२७ ला मुंबई रेडिओ केंद्र सुरू झालं तेव्हा टेप नव्हती. तबकड्या सोडल्या तर सगळं थेट. दीड किलोवॅटचा ट्रान्समीटर, आवाज जेमतेम ४८ किलोमीटर जायचा, कल्याणपुढे भरवसा नाही. श्रोत्यांच्या १० रुपयांच्या लायसन्सवर केंद्र चालवणारी खासगी कंपनी किती तगणार? तीन वर्षांत बुडाली. १ एप्रिल १९३० पासून सरकारने कारभार हाती घेतला, ‘ऑल इंडिया रेडिओ’ हे नाव ८ जून १९३६ चं. हे सगळं तुला पाठ आहे आणि मी परत मास्तरकी करतोय. राहू दे.

आजीचं सांगतो. १९४४ साली ती गिरगावातून मुंबई केंद्रावर गायला जायची. लाल दिवा लागायच्या आत बांगड्या कोपरापर्यंत सरकवून वर रुमाल बांधायची, माइकने किणकिण पकडू नये म्हणून. वेळ पंधरा मिनिटांची; घड्याळाकडे बघत तान आवरायची. एकदा अंगात ताप, घशात खवखव. कुणाला बोलली नाही. गालात लवंग धरून गायली, एकदाही खोकली नाही. घरी आल्यावर तीन आठवडे आवाज बंद, आणि तिचा तार षड्ज, म्हणजे वरचा सा, पुन्हा कधी पहिल्यासारखा लागला नाही. माईआत्याला हे ठाऊक आहे, तुला कधी सांगितलं नव्हतं.

घाबरवायला नाही लिहीत. तू तिच्यासारखीच लपवतेस म्हणून लिहितोय. तुझ्या बातम्या लागल्या की आई कुकरखालचा गॅस बंद करते, शिट्टीत एखादा शब्द जायला नको. मग दिवसभर कुणाचाही फोन आला की ‘ऐकलंत का?’

सोबत ज्येष्ठमध पाठवलाय. गुरुवारी तुझी पहाटेची पाळी ना? पावणेसहापासून रेडिओ लावून बसतो. त्याआधी डॉक्टरांना घसा दाखव. परत तेच लिहिलं बघ.

तुझे बाबा