नूतनबाईंसाठी आभार

प्रिय गीतांजली कुलकर्णीताई,
सप्रेम नमस्कार.

आपली ओळख नाही. मी सहायक सरकारी वकील. तालुक्याच्या कोर्टात उभी राहते. तुमचा ‘कोर्ट’ हा सिनेमा 2015 मध्ये थिएटरात लागला होता, म्हणजे हे पत्र बरंच उशिराचं आहे.

सिनेमातले वकील टेबलावर मुठी आपटतात, आणि शेवटच्या क्षणी साक्षीदार धावत येतो. तुम्ही उभी केलेली सरकारी वकील नूतन मात्र कलमं एकसुरात, भराभर वाचत सुटते. अगदी असंच वाचतात हो! मग लोकलच्या लेडीज डब्यात साडीच्या गप्पा, मुलाला घेऊन घर, स्वयंपाक. याच बाईने खटल्यातल्या वयस्क शाहिराविरुद्ध कोर्टात युक्तिवाद केलेला असतो. तुम्ही तिला खलनायिका करत नाही आणि पदरातही घेत नाही. भोवतीचे बरेचजण अभिनय न शिकलेले, तुम्ही राष्ट्रीय नाट्य विद्यालयाच्या. पण ते तालीमबाज शिक्षण कुठेही उघडं पडत नाही. व्हेनिस महोत्सवाची पारितोषिकं, सुवर्णकमळ, दिग्दर्शक चैतन्य ताम्हाणेंचं कौतुक, सगळं रास्तच. नूतनबद्दल मात्र लोक कमी बोलले, असं माझं मत आहे.

मला झालेला फायदा अगदी घरगुती आहे. कोर्टात नुसतं बोलायचं तर असतं, त्यात दमायचं काय, असं सासूबाईंना वाटे. सिनेमा पाहून त्या काही बोलल्या नाहीत. पण संध्याकाळी घरी पोचल्यावर कणीक मळलेली मिळू लागली.

मग तुमचं बाकीचं काम शोधत गेले. शेक्सपिअरच्या ‘ट्वेल्फ्थ नाइट’वरच्या ‘पिया बहरूपिया’ नाटकातली व्हायोला घेऊन तुम्ही 2012 मध्ये लंडनच्या ग्लोब थिएटरात पोचलात, ‘गजब कहाणी’ नाटकात तर चक्क हत्ती झालात! हिंदीवाल्यांना मात्र ‘गुल्लक’ या वेब मालिकेतली शांती मिश्राच ठाऊक. ती छानच आहे, पण तेवढ्यावर तुमची ओळख संपावी हे काही मला पटत नाही.

वाडा तालुक्यातल्या ‘क्वेस्ट’ या शिक्षणसंस्थेचा ‘गोष्टरंग’ उपक्रमही तुम्हीच सांभाळता, नट थेट शाळेत जाऊन मुलांपुढे गोष्टी उभ्या करतात, हे वाचलं. आमच्याकडच्या शाळांत नाटक म्हणजे गॅदरिंगपुरतं. ‘गोष्टरंग’ची मंडळी कधी इकडे आली, तर हॉल आणि परवानग्या माझ्याकडे लागल्या. जेवणाचं सासूबाई बघतील, त्यांना विचारून ठेवलंय.

आपली,
तालुका कोर्टातली एक सरकारी वकील