शिमला सहल : रविवारपर्यंत नावं द्या

मंडळी, जानेवारीतली चार दिवसांची शिमला सहल आता पक्की करू या. रेल्वेचं आरक्षण ६० दिवस आधी उघडतं, म्हणून येत्या रविवारी रात्रीपर्यंत नाव आणि वय कळवा. मुंबई ते चंदिगड विमानाने. चंदिगडजवळच्या कालक्याहून पुढे मात्र डोंगरातल्या छोट्या रेल्वेगाडीनेच जाऊ: ९६ किलोमीटर, शंभरावर बोगदे, पाचेक तास. टॅक्सी लवकर पोहोचते, पण ही वाट चुकवू नये असं मला मनापासून वाटतं.

शिमला सुमारे २,२०० मीटर उंचीवर आहे, रात्री पारा शून्याजवळ येतो. आपला मुंबईचा स्वेटर पुरणार नाही. थर्मल, कानटोपी, न घसरणारे बूट हवेतच. गुडघे दुखत असतील तर आत्ताच सांगा, तिथे चढ फार आहेत. बर्फ पडेलच असं नाही.