आरोग्यमंत्र्यांना खुलं पत्र : आम्हाला दिवसातले चार-पाच तास हवेत

मा. लोक स्वास्थ्य आणि चिकित्सा शिक्षण मंत्री,
मध्य प्रदेश शासन, भोपाळ

मंत्री महोदय, सादर नमस्कार.

या पत्राची हिंदी प्रत आपल्या कार्यालयाला टपालाने पाठवली आहे. इथे मराठीत लिहितेय कारण इंदूरच्या ज्या मराठी घरांत आत्ता हेच सगळं चाललंय त्यांनी पण वाचावं आणि पटलं तर आपापलं पत्र आपल्याला पाठवावं.

मागणी आधीच सांगून टाकते, कारण पुढे घरचं सांगायला लागले की लांबण लागणार. डिमेंशिया म्हणजे स्मृतिभ्रंश झालेल्या म्हाताऱ्या माणसांना दिवसा चार-पाच तास नीट सांभाळणारं एक डे-केअर सेंटर इंदूरात हवंय, सरकारी असो नाहीतर सरकारच्या मदतीने चालणारं असो, पण रिक्षाने नेता-आणता येईल एवढं जवळ आणि पेन्शनवर चालणाऱ्या घराला परवडेल असं. वृद्धाश्रम नकोय आम्हाला. आमचं माणूस आमच्याच घरी राहणार आहे, शेवटपर्यंत. फक्त सांभाळणाऱ्याला रोज थोडा वेळ मोकळा मिळायला हवा.

माझ्या सासूबाई 81 वर्षांच्या आहेत. माहेर साताऱ्याकडचं, लग्न होऊन इंदूरला आल्या आणि सगळा संसार रामबागेत झाला. काही वर्षांपूर्वी अल्झायमरचं निदान झालं, डिमेंशियाचाच एक प्रकार. एकोणतीसचा पाढा आजही न अडखळता म्हणतात, पण पोटच्या मुलाला विचारतात तुम्ही कोणाकडे आलात. संध्याकाळी पाचच्या सुमाराला त्यांची घालमेल सुरू होते, पिशवीत एक साडी, पावडरचा डबा, देवघरातली घंटी असं काय काय भरतात आणि दाराशी येऊन उभ्या राहतात, मला घरी सोडा, आई वाट बघत असेल. डॉक्टर याला सनडाउनिंग म्हणतात, दिवस मावळायला लागला की या पेशंटची बेचैनी वाढते. तेव्हा त्यांना "हेच तुमचं घर" असं समजावून काही उपयोग नसतो, उलट चिडतात, म्हणून मी म्हणते हो आई, चहा घेऊ आणि निघू. मग चहा, मग गल्लीत एक चक्कर, मग परत आत. कधी एवढ्यावर भागतं, कधी रात्रीचे दहा वाजेपर्यंत पिशवी हातातून सुटत नाही.

दाराला वरच्या बाजूने दुसरी कडी लावलीय, कारण नजर चुकवून बाहेर पडल्या तर एम.जी. रोडच्या ट्रॅफिकमध्ये काय होईल या विचाराने झोप उडते. गॅसचा रेग्युलेटर प्रत्येक वेळी बंद करायचा. खराब झालेले कपडे त्या ट्रंकेत घडी करून लपवतात, ते शोधायचे, आणि शोधले हे त्यांना कळू द्यायचं नाही कारण त्यांना फार लाज वाटते. आंघोळीचं तर विचारू नका. अंगावर एकदम पाणी पडलं की घाबरून किंचाळतात, म्हणून खांद्यावर टॉवेल टाकायचा, आधी पायांवर कोमट पाणी, मग हातांवर, मग टॉवेलवरूनच हळूहळू पाठीवर, आणि पूर्णवेळ काहीतरी बोलत राहायचं, साताऱ्याचं, विहिरीचं, त्यांच्या भावाचं. घाई केली की सगळं फिसकटतं. एवढा वेळ एका नोकरी करणाऱ्या घरात कोण देणार साहेब? मी शाळेत शिकवत होते, ती नोकरी सोडली. नवरा पीथमपूरला कंपनीत आहे, त्याची शिफ्ट असते. नणंद पुण्याहून जमेल तेव्हा येते आणि आली की खरंच सगळं हातात घेते, पण तिला पण तिचं घर आहेच ना.

जागतिक आरोग्य संघटना सांगते की डिमेंशियाच्या पेशंटला घरची माणसं दिवसाला सरासरी पाच तास देतात आणि या सेवेतले 70 टक्के तास बायकांचे असतात. आमच्या घरापुरतं बोलायचं तर पाच तास मला कमीच वाटतात, 70 टक्के मात्र पटतात. हॉस्पिटलच्या बाकावर शेजारी बसलेली बाई बहुतेक वेळा सून नाहीतर मुलगी असते, आणि तिला स्वतःचं बीपी शेवटचं कधी तपासलं ते आठवत नसतं.

हे आमच्या एकट्याचं रडगाणं नाही. 2023 मध्ये एका मोठ्या राष्ट्रीय अभ्यासाचे आकडे आले, त्यात साठीच्या वरच्या भारतीयांमध्ये डिमेंशियाचं प्रमाण 7.4 टक्के निघालं, म्हणजे देशात 88 लाखांच्या आसपास माणसं. बायकांमध्ये जास्त आणि शहरापेक्षा खेड्यात जास्त. म्हणजे इंदूरात निदान डॉक्टर तरी आहेत, झाबुआ-अलीराजपूरच्या पाड्यावर कोण काय करत असेल याचा विचार आपणच करा.

आता आपल्या खात्याच्याच एका कागदाबद्दल बोलते. आशा कार्यकर्त्या घरोघरी जो सी-बॅक फॉर्म भरतात, शुगर-बीपीच्या तपासणीसाठी तिशीच्या वरच्या सगळ्यांचा, त्यात साठीच्या वरच्यांसाठी वेगळे प्रश्न आहेत. त्यातला एक असा की जवळच्या माणसांची नावं किंवा स्वतःच्या घराचा पत्ता विसरता का. किती चांगला प्रश्न आहे! ज्याने कोणी तो फॉर्ममध्ये घातला त्याचे मी मनापासून आभार मानते. उत्तर "हो" आलं तर डॉक्टर असलेल्या जवळच्या केंद्रात पाठवा असंही त्यात आहे. पण तिथे गेल्यावर काय? तिथल्या डॉक्टरला स्मरणशक्तीची साधी तपासणी शिकवलीय का, व्हिटॅमिन बी-12 आणि थायरॉइडची टेस्ट तिथेच होते का, पुढे कोणाकडे पाठवायचं ते लिहून ठेवलंय का? कारण प्रत्येक विसरणारं माणूस अल्झायमरचं नसतं. बी-12 कमी पडलं, थायरॉइड बिघडलं, मनाने खचलं, डोक्याला मार लागून आत रक्त साकळलं, तरी माणूस असंच भ्रमिष्टासारखं वागायला लागतं, आणि हे सगळं वेळेवर सापडलं तर बरंच सुधारतं. आपल्याकडे मात्र म्हातारचळ म्हणायचं आणि सोडून द्यायचं. शाकाहारी घरांत तर बी-12 ची कमतरता जागोजागी असते. तो "हो" फॉर्मवरच राहिला तर एखादं बरं होणारं माणूस पण हातचं जाणार.

आणि डॉक्टरांच्या ट्रेनिंगचं म्हणतेय ते उगाच नाही. मागे एका रात्री आई अचानक खूपच बिघडल्या, भिंतीवर माणसं दिसायला लागली, मला ओळखेनात, हात झटकायला लागल्या. एका हॉस्पिटलच्या इमर्जन्सीत नेलं तर ड्युटीवरचा तरुण डॉक्टर म्हणाला डिमेंशिया आहे ना, मग असंच होणार, झोपेचं औषध देतो. दुसऱ्या दिवशी आमच्या नेहमीच्या डॉक्टरांनी लघवी तपासायला लावली तर चांगलंच इन्फेक्शन निघालं. अँटिबायोटिक सुरू झाल्यावर चार दिवसांत आई पूर्वीसारख्या. म्हाताऱ्या पेशंटची अवस्था एका दिवसात ढासळली तर आधी इन्फेक्शन, पाणी कमी पडणं, नवीन सुरू झालेलं औषध हे बघायचं असतं, आता हे मला पाठ आहे. इमर्जन्सीत बसणाऱ्या प्रत्येकाला ते माहीत असलंच पाहिजे, त्यासाठी काही फार मोठी मशीन लागत नाही.

29 ऑक्टोबर 2024 ला आयुष्मान योजना सत्तरीच्या वरच्या सगळ्यांना लागू झाली, उत्पन्नाची अट नाही, पाच लाखांचं कव्हर. आईंचं वय वंदना कार्ड आम्ही पण काढलंय आणि उद्या हाड मोडलं तर त्याचा केवढा आधार होईल हे मी जाणते. पण ते चालतं अॅडमिट झाल्यावर. डिमेंशियात माणूस वर्षानुवर्षं घरीच असतं. डोनेपेझिल, मेमँटिनसारख्या गोळ्या आजार बरा करत नाहीत, थोडं फार सावरून धरतात, त्यांचा खर्च दर महिन्याला, डायपर दर महिन्याला, आणि एजन्सीची बाई ठेवली तर रोज बारा तासांचे महिन्याला 14-15 हजार. यातलं कशालाच कार्ड लागू नाही.

एजन्सीच्या बाईचं आणखी एक आहे, आणि हे इंदूरच्या मराठी घरांना पटकन कळेल. आई हिंदी शिकल्या लग्नानंतर, इथे येऊन. पन्नास वर्षं भाजीवाल्याशी, शेजाऱ्यांशी फर्राटेदार हिंदी बोलल्या, सराफ्यातल्या दुकानदाराशी भावावरून भांडल्या, आणि आता ती हिंदी जवळजवळ गेलीय. उरलीय ती लहानपणची मराठी. ज्यांना दोन भाषा येतात त्यांची नंतर शिकलेली भाषा या आजारात बरेचदा आधी पुसट होते. आलेली बाई बिचारी मायाळू होती, पण ती म्हणायची "अम्मा, हाथ ऊपर करो" आणि आई तिच्याकडे नुसत्या बघत राहायच्या, तिला वाटायचं ऐकत नाहीत, मग ती आवाज चढवायची, मग आई रडायच्या. शेवटी तिला मीच "वर", "बस", "पाणी", "दुखतंय का" असे शब्द हिंदी अक्षरांत वहीत लिहून दिले आणि महिन्याभरात दोघींचं छान जमलं. पुढे तिला जास्त पैशाचं काम मिळालं आणि ती गेली, तिला तरी काय म्हणणार. पण ट्रेनिंग घेतलेली बाई म्हणजे हे पण आलं, की पेशंटची भाषा कुठली उरलीय ते आधी विचारायचं. आपल्याच राज्यात भिली बोलणाऱ्या, गोंडी बोलणाऱ्या, सिंधी बोलणाऱ्या आज्या आहेत, त्यांची स्मरणशक्तीची तपासणी पण शुद्ध हिंदीत होत असेल तर मार्क कमीच पडणार ना.

हे होण्यासारखं आहे का असं कोणी म्हणेल म्हणून सांगते. केरळने 2014 पासून अल्झायमर्स अँड रिलेटेड डिसऑर्डर्स सोसायटी ऑफ इंडिया या संस्थेला बरोबर घेऊन डिमेंशियासाठी राज्याचा कार्यक्रम चालवला, त्यात कुन्नमकुलमला डे-केअर आहे. तिथेच आश्वासकिरणम नावाची योजना आहे, अंथरुणाला खिळलेल्या माणसाची पूर्णवेळ सेवा करणाऱ्या घरच्या माणसाला महिन्याला 600 रुपये. रक्कम छोटी आहे, मान्य, पण घरात बसून सेवा करणारी बाई काम करतेय असं सरकारने लिहून दिलं, हे माझ्यासारखीला फार मोठं वाटतं.

आणि आपल्या इंदूरचं बघा. 85 वॉर्डांचं हे शहर 2017 मध्ये स्वच्छतेत पहिलं आलं आणि तो नंबर त्याने वर्षानुवर्षं टिकवला. ज्या शहराची गाडी रोज सकाळी प्रत्येक दारात येते, ओला-सुका वेगळा करायची सवय ज्याने लाखो लोकांना लावली, त्याला दोन-चार ठिकाणी म्हाताऱ्यांसाठी चार तासांची खोली चालवणं जमणार नाही असं मी मानतच नाही. जागा आहेत. दुपारी रिकामे असणारे कम्युनिटी हॉल आहेत, समाजाच्या धर्मशाळा आहेत, मराठी संस्थांच्या वास्तू आहेत, लोक देतील, मी स्वतः दोन-तीन ठिकाणी बोलून ठेवलंय. मेडिकल कॉलेज इथेच आहे, नर्सिंगच्या मुली इथेच शिकतात, त्यांची पाळीपाळीने ड्युटी लावली तर त्यांचंही शिक्षण होईल. वृद्धांच्या आरोग्याचा राष्ट्रीय कार्यक्रम 2010-11 पासून आहे, जिल्हा हॉस्पिटलात म्हाताऱ्यांची ओपीडी आणि 10 खाटांचा वॉर्ड हे त्यातच लिहिलंय, त्याच ओपीडीत आठवड्यातला एक दिवस स्मरणशक्तीसाठी ठेवा. त्या दिवशी नंबर लावून तासन्‌तास बसवू नका मात्र. गर्दीत, कल्ल्यात ही माणसं पार बिथरतात.

एक विषय आपल्या खात्याचा नाही पण कॅबिनेटमध्ये आपण बसता म्हणून लिहिते. आईंच्या नावावर एफडी आहे, त्यांच्याच उपचाराला लागणारे पैसे. सही आता जुळत नाही. मुखत्यारपत्राचं विचारलं तर वकील म्हणाले की देणाऱ्याला समज उरली नसेल तर नवीन करता येत नाही आणि आधीचं असलं तरी ते कायद्याने संपतं. नॅशनल ट्रस्टचा 1999 चा कायदा आहे, पालक नेमायची सोय करणारा, तो ऑटिझम, सेरेब्रल पाल्सी, मतिमंदत्व आणि बहुविकलांगता यांच्यासाठी, त्यात डिमेंशिया बसत नाही. मग लोक हायकोर्टात रिट घेऊन जातात. इंदूरात निदान खंडपीठ तरी आहे, पण आईच्या डायपरसाठी आईचेच पैसे काढायला मुलाने कोर्टाची पायरी चढायची ही काही रीत झाली का? जिल्हाधिकाऱ्यांच्या पातळीवर, मेडिकल बोर्डाच्या सर्टिफिकेटवर, खर्चाचा हिशोब देण्याच्या अटीवर याची सोय व्हावी. फसवणूक करणारी मुलं पण असतात हे मला माहीत आहे, म्हणूनच हिशोबाची अट हवी असं म्हणतेय.

तर येत्या बजेटमध्ये इंदूरसाठी एक सेंटर धरा. पायलट म्हणा, काहीही म्हणा, पण एकदा उघडलं की निदान तीन वर्षं चालवायची तजवीज करून उघडा, कारण या पेशंटला नवीन जागेची सवय व्हायलाच महिने लागतात आणि बंद पडलं तर त्यांचे फार हाल होतात. नेण्या-आणण्यासाठी एक गाडी, जेवणाची सोय, मराठी-माळवी-सिंधी जाणणाऱ्या दोन-तीन बायका, आठवड्यातून एकदा डॉक्टर. आशा कार्यकर्त्यांच्या फॉर्मवर जे "हो" आलेत त्यांची यादी आपल्याकडे असेलच, तिथूनच सुरुवात करता येईल.

प्लॅन बनवायच्या आधी आपल्या खात्यातला कोणी अधिकारी प्रत्यक्ष बघायला येणार असेल तर आमच्या घराचा पत्ता हिंदी प्रतीवर दिलाय. संध्याकाळी चार ते आठ या वेळात यावं, आणि आल्यावर आईंशी मराठीत बोलणारं कोणीतरी बरोबर आणावं.

आपली विनम्र,
रामबागेतली एक सून
इंदूर