झाक बेकेर यांची अपुरी ओळख

संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

आपल्या रविवार पुरवणीत फ्रेंच चित्रपटांवर आलेल्या लेखात दिग्दर्शक झाक बेकेर यांचा परिचय ‘झां रन्वार यांचे सहायक’ एवढ्या शब्दांत उरकला आहे. तो खोटा नाही, पण अपुरा आहे.

पॅरिसमध्ये १९०६ साली जन्मलेल्या बेकेर यांनी १९३०च्या दशकातील उमेदीची वर्षे ज्येष्ठ फ्रेंच दिग्दर्शक रन्वार यांच्या हाताखाली काढली, हे खरेच. १९३६ सालच्या एका चित्रीकरणात पुढे छायाचित्रकार म्हणून गाजलेले कार्तिये-ब्रेसाँ आणि इटालियन दिग्दर्शक म्हणून गाजलेले व्हिस्कोंती हेही त्यांच्याबरोबर सहायक होते. (असा सहायकवर्ग नंतर कोणाच्या वाट्याला आला असेल, असे वाटत नाही!) मात्र जर्मनांच्या युद्धकैदेतून सुटून आल्यावर, १९४२ साली, त्यांचा पहिला पूर्ण चित्रपट प्रदर्शित झाला आणि त्यानंतर त्यांनी केलेले काम गुरूची नक्कल नव्हे. रन्वार यांची नजर माणसांच्या मेळाव्यावर फिरते. बेकेर यांची नजर माणसाचे हात काय करत आहेत, यावर खिळते. १९५४ सालच्या ‘तूशे पा ओ ग्रिझ्बी’मध्ये झां गाबँ यांनी साकारलेला मुरलेला गुन्हेगार रात्री आश्रयाला आलेल्या मित्राला खाऊ घालतो, पायजमा देतो, दात घासायचा ब्रशही देतो, चोरीच्या सोन्यापेक्षा हाच प्रसंग मनात राहतो.

या वृत्तीचा कळस म्हणजे त्यांचा ‘ल त्रू’ हा चित्रपट. पॅरिसच्या ला सांते तुरुंगातून १९४७ साली पळून जाण्याच्या खऱ्या प्रयत्नावर तो बेतलेला आहे आणि त्या प्रयत्नातील एका कैद्याने त्यात स्वतः भूमिका केली आहे. कोठडीची काँक्रीटची जमीन फोडण्याचे दृश्य बेकेर घाईने आटोपत नाहीत. घावामागून घाव पडतात, तुकडे उडतात, एक दमला की दुसरा पुढे येतो, आणि साथीला पार्श्वसंगीत नसल्यामुळे तो आवाज पहारेकऱ्यांच्या कानी जाईल या धास्तीने प्रेक्षकच अवघडून बसतो. हा चित्रपट मार्च १९६० मध्ये प्रदर्शित झाला. बेकेर त्याआधीच फेब्रुवारीत निवर्तले होते.

‘कास्क दॉर’सारखा चित्रपट १९५२ साली फ्रान्समध्ये पडला, पण ब्रिटनमध्ये वाखाणला गेला, आणि त्यातील भूमिकेसाठी सिमोन सिन्योरे यांना तिथला पुरस्कारही मिळाला. अठरा वर्षांत तेरा चित्रपट करणाऱ्या या दिग्दर्शकावर आपण स्वतंत्र लेख प्रसिद्ध करावा आणि त्यात ‘ल त्रू’ला पुरेशी जागा द्यावी, ही विनंती.

आपला,
एक वाचक, सातारा