आवाज अर्धा कर

पुणे, रविवार रात्र

प्रिय मित्रा,

"सिनेमात गेलास, आम्हाला विसरलास" असा तुझा मेसेज वाचला. अरे, कसला सिनेमा! बारा मिनिटांची शॉर्ट फिल्म, मानधन म्हणजे जाण्यायेण्याचं भाडं आणि दोन वेळचं जेवण. कपडेसुद्धा आपलेच न्यायचे.

'पुरुषोत्तम'च्या एकांकिका स्पर्धेला भरत नाट्य मंदिरात आपण शेवटच्या रांगेपर्यंत आवाज फेकायचो, आठवतं? "आव्वाज कुणाचा"च्या त्या गदारोळात तोच तारायचा. तोच घसा घेऊन एफटीआयआयच्या, म्हणजे इथल्या फिल्म इन्स्टिट्यूटच्या पोरांच्या एका डिप्लोमा फिल्मला गेलो. पहिल्या टेकनंतर साउंडवाल्या पोरानं हेडफोन काढला. "दादा, माइक तुमच्या डोक्यावर दीड फुटावर आहे." दिग्दर्शिका म्हणाली, अर्धा कर. केला. अजून अर्धा. तिसऱ्यांदा नुसता पुटपुटलो, तर ओके!

मे महिना, खोलीत नऊ जण आणि आवाज नको म्हणून पंखा बंद. मी मिसळ खातोय. कितव्या शब्दाला पाव मोडला ते लक्षात ठेवायचं, नाहीतर क्लोजअपला जुळत नाही. अकरा टेकनंतर तर्री बघवेना. शेवटी रूम टोन, म्हणजे मिनिटभर सगळे पुतळ्यासारखे उभे आणि शांत खोलीचा आवाज रेकॉर्ड करायचा. घाम नाकावरून ओघळतोय, पुसायची सोय नाही.

ती फिल्म निदान पुरी झाली. आधीची एक कुणाच्या तरी हार्डडिस्कमध्ये पडून आहे. दिग्दर्शक नोकरीला लागला, फोन उचलत नाही, आणि शोरीलला, म्हणजे काम मागताना दाखवायच्या व्हिडिओला, नेमका त्यातलाच सीन हवा होता. मुंबईला आरामनगरलाही ऑडिशनला जाऊन आलो. नाव, उंची, डावी बाजू, उजवी बाजू. एका दारात तर मान वर न करताच "नॉट फिट". जाऊ दे.

आता कामाचं. नवी फिल्म मिळालीय. यंत्रमाग कामगार आहे, जन्म मागांच्या खडखडाटात गेलेला, कानानं अधू, म्हणून घरातही ओरडूनच बोलतो. दिग्दर्शक म्हणतो, आवाज मोठा हवा, पण नाटकातला नको. संहिता वाचली आणि तुझे आप्पाच डोळ्यांपुढे आले. नुसतं "मीठ दे" म्हणाले तरी शेजारी दचकायचे!

शनिवारी इचलकरंजीला येतोय. आप्पांना यातलं काही बोलू नकोस, नाहीतर ते सावरून बोलायला लागतील. चोरी आहे खरी, नंतर मीच त्यांना सांगीन. मला फक्त त्यांच्या शेजारी जेवायला बसायचंय. आणि त्यांचा मागावरचा एखादा जुना शर्ट काढून ठेव. धुवू नकोस.

तुझाच,
पुण्याचा हिरो