पं. विष्णु नारायण भातखंडे यांस, एका तालुक्याच्या गावातून

आदरणीय पंडितजी,
सादर नमस्कार.

तुम्ही देशभरच्या उस्तादांकडची गाणी गोळा करून सगळ्यांसाठी छापलीत आणि १९३६ साली गेलात. या पत्राला उत्तर यायचं नाही हे ठाऊक असूनही लिहिते आहे, आणि चारचौघांत लिहिते आहे, कारण हे देणं माझ्या एकटीचं नाही.

मी कुठल्या घराण्याची नाही. आमच्या घरी गाणं म्हणजे वडिलांचं भजनी मंडळ. मुलं शाळेत जायला लागली तेव्हा मी शिकायला सुरुवात केली. ज्या बाईंकडे शिकले त्यांच्याजवळ चिजा, म्हणजे रागांत बांधलेली गाणी, मोजक्या होत्या आणि हे त्या मोकळेपणानं मान्य करत. ‘पुढचं भातखंड्यांच्या क्रमिक पुस्तकांतून बसवा, अडलं की या,’ म्हणायच्या. तर पंडितजी, माझं निम्मं शिक्षण तुमच्याकडे झालं आहे.

‘क्रमिक पुस्तक मालिके’चे सहा भाग, त्यांत अठराशेच्या आसपास चिजा. आज त्या पानं उलटून मिळतात, म्हणून त्या मिळवताना काय पडलं असेल याचा विचार कुणी करत नाही. तुमच्या काळी खानदानी चीज म्हणजे घरातली पुंजी. ती मुलाला द्यायची, फार तर जावयाला. परक्यासमोर गायची झाली तरी अंतरा, म्हणजे चिजेचा दुसरा भाग, पुरता कळू द्यायचा नाही. तुम्ही वाळकेश्वरचे, एलएल.बी. झालेले वकील. गायन उत्तेजक मंडळीत रावजीबुवा बेलबागकरांकडून ध्रुपदं शिकलात, तेवढ्यावर थांबला असतात तरी मुंबईत मान होताच. थांबला नाहीत. जयपूरच्या महंमद अली खाँ कोठीवालांच्या घरातल्या चिजा त्यांच्याकडून आणि त्यांच्या मुलांकडून घेतल्यात, त्यासाठी फोनोग्राफ वापरलात. रामपूरला नवाब हमीद अली खाँसाहेबांचं शागीर्दपण पत्करलंत, कारण त्यांचे उस्ताद वजीर खाँसाहेब यांच्या घराण्यातली तानसेनी परंपरेची ध्रुपदं त्याशिवाय मिळणारी नव्हती. रीतसर शिष्य होऊन मिळवलेलं हे धन तुम्ही छापून टाकलंत! कुणाचाच गंडा बांधू न शकणाऱ्या आमच्यासारख्यांसाठी. त्यावर काही उस्ताद रागावले असतील तर तेही मी समजू शकते. पण त्या चिजा कपाटात राहिल्या असत्या तर त्यांतल्या किती आज कुणाच्या गळ्यात असत्या?

प्रवासाचं तर काय सांगावं. १९०४ साली दक्षिणेत गेलात, एट्टयपुरमला कर्नाटक संगीताचे पंडित सुब्बराम दीक्षितर यांना भेटलात, व्यंकटमखींच्या ‘चतुर्दण्डिप्रकाशिका’ या जुन्या संगीतग्रंथाचा माग काढलात. तिकडची बहात्तर मेळांची, म्हणजे सात स्वरांच्या साच्यांची, मांडणी पाहून आलात आणि आपल्या रागांना तशाच दहा साच्यांत, थाटांत, बसवलंत. पुढे नागपूर, हैदराबाद, कलकत्ता; मग काशी, लखनौ, बिकानेर. गायकांना, पंडितांना तुम्ही साक्षीदाराला विचारावेत तसे प्रश्न विचारलेत. ‘हिंदुस्थानी संगीत पद्धती’ मराठीत लिहिलीत तीही गुरुशिष्यांच्या सवालजबाबात. चार जाडजूड भाग. मला तिसरा अजून पुरा झेपलेला नाही.

थाटांवर मात्र तुमच्याशी भांडायचं आहे. ललत हा राग तुम्ही मारव्याच्या थाटात घातलात, शुद्ध धैवत देऊन. आम्ही सगळे ऐकतो तो ललत कोमल धैवताचा. वर्गातले माझे विद्यार्थी विचारतात, ‘मॅडम, पुस्तकात वेगळं आहे.’ मी सांगते, परीक्षेत दोन्ही मतं लिहा आणि गाताना कानाचं ऐका. भूप आणि देसकार यांचे पाचही स्वर तेच, तरी एक कल्याण थाटात, एक बिलावल थाटात. इथे मात्र तुमची बाजू मी हिरिरीनं मांडते. एकात गंधार वादी, म्हणजे मुख्य स्वर, दुसऱ्यात धैवत, आणि तेवढ्यानं चाल बदलते, हे मुलांना गाऊन दाखवलं की पटतं.

मुलांना ते पटतं याचं श्रेय तुमच्या लक्षणगीतांना. संग्राहक म्हणून तुमचं नाव सगळे घेतात, रचनाकार म्हणून क्वचितच. रागाचा थाट, वादी-संवादी, वर्ज्य स्वर, गायची वेळ हे सगळं शब्दांत, आणि तो राग त्याच शब्दांच्या चालीत! पाठ करायला वेगळं काही उरतच नाही. वर त्या रचनांवर नावही ‘चतुर’ असं टोपण. संस्कृत ‘श्रीमल्लक्ष्यसंगीत’ही चतुर पंडिताच्या नावानं काढलंत, मराठी ग्रंथ विष्णुशर्म्याच्या नावानं. दुसऱ्यांच्या चिजा जमवण्यात आयुष्य घालवलंत आणि स्वतःच्या चिजा अशा झाकून ठेवल्यात, याचं मला आजही नवल वाटतं.

तुमची स्वरलिपी म्हणजे नुसता सांगाडा, असं जाणकार म्हणतात. खरंच आहे. खाली आडवी रेघ म्हणजे कोमल, वर उभी रेघ म्हणजे तीव्र मध्यम, टिंब खाली तर मंद्र, वर तर तार. यांत मींड, म्हणजे एका स्वरावरून दुसऱ्यावर घसरत जाणं, किती रेंगाळावी हे लिहिता येत नाही. पण समेवर, म्हणजे तालाच्या पहिल्या मात्रेवर, कुठला शब्द येतो आणि अंतरा कुठून उचलायचा हे कळलं, की बाकीचं बाईंना विचारता यायचं. गंमत म्हणजे गांधर्व महाविद्यालय मंडळाच्या परीक्षा वेगळी लिपी वापरणाऱ्या विष्णु दिगंबर पलुस्करांच्या परंपरेतल्या, आणि आमच्या वह्यांत लिपी तुमची.

तुमच्या पुढाकारानं झालेली बडोद्याची १९१६ची संगीत परिषद, ग्वाल्हेरचं माधव संगीत विद्यालय, लखनौचं मॅरिस कॉलेज, यांवर इतरांनी पुष्कळ लिहिलं आहे. मॅरिस कॉलेजचं आता तुमच्या नावाचं विद्यापीठ झालं आहे, एवढंच कळवते.

एक विनंती मात्र आहे, तुम्हाला नव्हे, हे वाचणाऱ्यांना. आमच्या वर्गात ‘क्रमिक’ची हाथरसची हिंदी आवृत्ती चालते, आणि ती उत्तम आहे. पण कुणाकडे जुने मराठी भाग माळ्यावर पडले असतील तर रद्दीत घालू नका. आमच्या वर्गाला कळवा, आम्ही येऊन घेऊन जाऊ.

आपली ऋणी,
तालुक्याच्या गावातली एक विद्यार्थिनी